कुकरचं बूड

“खिचडी कोणी केली?” प्रमिलाबाई मोडकांनी विचारलं.

“मी,” मी म्हटलं.

त्यांनी द्रोण नाकाजवळ नेला, एक घास तोंडात टाकला आणि मान हलवली. ते पाहून मागच्या बायकांनीही आपापले द्रोण उचलले. डॉक्टर मोडकांच्या बायकोने खाल्लं म्हटल्यावर सांगलीत मग कुणाची काही हरकत उरत नसे. हा प्रश्न रोज दुपारी चारच्या सुमाराला कुणीतरी विचारायचंच. मी रोज हेच उत्तर द्यायचे आणि रोज ते खोटं असायचं.

ही गोष्ट सदुसष्ट सालची. पिंगळ्यांच्या गृहवस्तू भांडारात मी काउंटरवर होते. नानासाहेब पिंगळ्यांचे वडील त्याच जागेत गादीवर बसून तांब्यापितळेची भांडी विकायचे. ते गेल्यावर नानांनी गादी उचलली, काचेची कपाटं आणली, ट्यूबलायटी लावल्या आणि दुकानात मुली ठेवल्या. मुली म्हणजे आम्ही दोघीच, पण तेवढ्याने गावात बभ्रा झाला. दुकानात उभी असलेली मुलगी बघायला माणसं यायची, आणि आलोच आहोत तर म्हणून स्टीलचा एखादा डबा घेऊन जायची. नानांना हे पक्कं ठाऊक होतं. “पितळेला कल्हई लागते, स्टीलला मुलगी लागते,” असं ते माझ्यासमोर इतर व्यापाऱ्यांना सांगायचे आणि ते सगळे हसायचे. मीही हसायचे. हसणं हा नोकरीचा भाग होता.

सकाळी दहापासून उभं राहायचं. दुकानात चार स्टुलं होती, ती गिऱ्हाइकांसाठी. नायलॉनची साडी, दोन्ही खांद्यांवरून पदर, केसांत फूल, हे नानांचं फर्मान. घरी आई शेजारणींना सांगायची की कुंदा ऑफिसात लागली आहे. शेजारणी मुद्दाम दुकानात यायच्या, वाट्यांचा भाव विचारायच्या, काही न घेता जायच्या, आणि संध्याकाळी आईला विचारायच्या की कुंदाचं ऑफिस कसं चाललंय. असल्या बायकांच्या गावात मी वाढले.

दुसरी मुलगी लीला. ती मिरजेहून यायची. वडील रेल्वेत गँगमन. तिची जागा मागच्या खोलीत, पडद्याआड. नव्या भांड्यांचा पेंढा काढायचा, ती पुसून ठेवायची आणि नावं घालायची. नावं घालण्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. छिन्नी आणि छोटी हातोडी घेऊन ती ठक ठक करत ठिपक्यांची अक्षरं उमटवायची, मोत्यासारखी. मुंज असो, डोहाळजेवण असो, बारसं असो, भांडं दिलं की त्यावर देणाराचं नाव हवंच. नाहीतर उपकार कुणाचे हे कळणार कसं. सांगलीतल्या निम्म्या घरांतल्या पातेल्यांवर लीलाने गावातल्या थोरामोठ्यांची नावं घातली होती. दुकानात पाटीच होती, ‘नाव घातलेले भांडे परत घेतले जाणार नाही.’

आम्ही एका वयाच्या. ती मला आपटेबाई म्हणायची आणि तुम्ही म्हणायची. मी तिला लीला म्हणायचे आणि तू म्हणायचे. असं का, हे कुणी ठरवलं नव्हतं आणि आम्ही दोघींनी कधी विचारलंही नाही.

त्या वर्षी कुकर आला. सांगलीत तोपर्यंत तो फार थोड्या घरांत होता आणि ज्या घरांत होता तिथेही फडताळावर शोभेला ठेवलेला. बायका त्याला बाँब म्हणायच्या. कंपनीने नानांना दहा कुकर पाठवले आणि सोबत एक इंग्रजी पुस्तिका. नानांनी ती उलटसुलट चाळली आणि मला दिली. मी इंग्रजीतच दोनदा मॅट्रिकला आपटलेली. मी ती वाचल्यासारखी केली आणि काउंटरवर ठेवून दिली. संध्याकाळी लीला ती घरी घेऊन गेली. ती मॅट्रिक पास होती, दुसऱ्या वर्गात. चार दिवसांत तिने मराठीत टिपणं काढली आणि मागच्या खोलीत रॉकेलच्या स्टोव्हवर कुकर चढवून मुगाची खिचडी केली. नानांनी ती खाल्ली, मी खाल्ली. मऊ, मोकळी, वीस मिनिटांत झालेली. अशी खिचडी मी आमच्या घरी कधी खाल्ली नव्हती.

नानांच्या डोक्यात लगेच व्यवस्था तयार झाली. त्यांनी ती काही आडपडदा न ठेवता सांगितली.

“आपटेबाई, आडनाव तुमचं, हात तिचा. खिचडी शिजवलेलं अन्न आहे. तिच्या हातचं गावभागातल्या सोवळ्यातल्या बायका खायच्या नाहीत आणि खाल्लं नाही तर कुकर खपायचा नाही. उगाच कुणाच्या भावना कशाला दुखवा?”

लीला तिथेच उभी होती. तिच्या भावना हा विषय निघालाच नाही.

दुसऱ्या दिवशी बाहेर फळा लागला. ‘प्रेशर कुकरचे प्रात्यक्षिक. कु. कुंदा आपटे. दररोज दुपारी चार वाजता. भगिनींनी अवश्य लाभ घ्यावा.’ लीला आत खिचडी शिजवायची. वाफ जिरली की मी पडद्याआडून बंद कुकर आणायचे, टेबलावर ठेवायचे, पुस्तिकेतलं चार ओळींचं भाषण करायचे आणि झाकण उघडायचे. बायका आ करून बघायच्या. मग द्रोण, मग तो प्रश्न, मग माझं उत्तर. सहा महिने हे चाललं. ज्या बायका आपल्या मोलकरणीने घासलेलं भांडं पुन्हा पाणी घालून विसळून घ्यायच्या, त्या पडद्यामागे कोण आहे हे न विचारता द्रोण चाटायच्या. मला मनातून हसू यायचं. मी त्यांना मूर्ख समजत होते आणि त्या होत्याच. पण मी स्वतःला त्यांच्यापेक्षा शहाणी समजत होते, ते चुकलं.

आश्विनात कंपनीचं पत्र आलं. दक्षिण महाराष्ट्रात गावोगाव फिरून प्रात्यक्षिकं करायला कंपनीला एक बाई नेमायची होती. पुण्यात राहायची सोय, फिरती, कायमची नोकरी. पिंगळ्यांचे कुकर सगळ्यांत जास्त खपले म्हणून मुंबईचे साहेब, कारखानीस, आधी सांगलीत येणार होते. ते दुकानात बसून कच्च्यापासून शिजेपर्यंत सगळं प्रात्यक्षिक बघणार होते. बंद कुकर बाहेर आणून भागणार नव्हतं.

ती नोकरी मला हवीच होती. आईने तासगावचा एक बिजवर पक्का केला होता. वय चाळीस, दोन मुलं, बोलताना तंबाखूची पिंक सावरत बोलायचा. दिवाळीनंतर साखरपुडा. मला बघायला आला तेव्हा त्याने मला काही विचारलं नाही. आईला विचारलं, दुकानात उभी राहून हिचे पाय सुजतात का, कारण पहिलीचे सुजायचे. त्या माणसाच्या घरी जाण्यापेक्षा मी कुकर डोक्यावर घेऊन महाराष्ट्रभर हिंडले असते.

लीलालाही ती हवी होती. तिने ते मला सरळ सांगितलं. मागच्या खोलीत ती एका ताटावर नाव घालत होती, मान खालीच होती.

“मी नानांना म्हटलं, माझं नाव साहेबांना सांगा. ते हसले. तुम्ही सांगाल का?”

“बघते,” मी म्हटलं.

“तुम्ही सांगितलंत तर ऐकतील. काम कोण करतं ते तुम्हांलाच ठाऊक आहे.”

“सांगते म्हटलं ना.”

मी सांगितलं नाही. सांगायचा विचारही माझ्या मनात आला नाही. उलट मी नानांकडे जाऊन विचारलं, की सगळं प्रात्यक्षिक मला एकटीला कसं जमणार, मी तर शिट्टी वाजली की दोन पावलं मागे सरते. नानांनी यावरही तोड काढली. टेबल पडद्याजवळ सरकवायचं. पडद्याच्या फटीत लीला उभी राहील. समोरच्यांना ती दिसणार नाही, मला दिसेल. ती खुणा करेल, मी तसं करायचं. मूठ म्हणजे करा. उघडा पंजा म्हणजे थांबा. मी लीलाला म्हटलं, एकदा मला नोकरी लागू दे, मग मी आतूनच साहेबांकडे तुझ्यासाठी शब्द टाकते. तिने हातातलं ताट पुसून बाजूला ठेवलं. मग म्हणाली, बरं.

दोन दिवस तिने मला शिकवलं. पाणी किती, मूग किती, वाफेची सरळ धार आल्यावरच शिट्टी ठेवायची, मग आच कमी करायची. सगळ्यांत शेवटचं तिने तीनतीनदा सांगितलं. स्टोव्ह बंद केल्यावर आतली वाफ आपोआप जिरू द्यायची, तोवर शिट्टीला हात लावायचा नाही. मी नीट ऐकलं नाही. पंजा दिसला की थांबायचं, एवढं पुरे असं मला वाटलं.

शुक्रवारी कारखानीस आले. टाय, काळा चष्मा, हातात पट्ट्याची बॅग. त्यांनी दुकानातल्या वस्तूंवरून नजर फिरवली तशीच माझ्यावरूनही फिरवली आणि पसंतीची मान हलवली. मोडकबाई भगिनी मंडळाच्या तीस बायका घेऊन आल्या होत्या. सगळ्या नवी साडी नेसून, खिचडी शिजताना बघायला. पुढच्या रांगेत चार स्टुलं, बाकीच्या उभ्या.

सुरुवात छान झाली. लीलाच्या मुठी दिसल्या की मी हात चालवायचे. डाळ, तांदूळ, हळद, मीठ, पाणी. झाकण बसवलं. वाफेची धार आली, मूठ दिसली, शिट्टी ठेवली. पहिली शिट्टी झाली तेव्हा निम्म्या बायका मागे सरल्या. मी मात्र जागची हलले नाही, कारण पडद्याच्या फटीत लीला शांत उभी होती. तेव्हा तिच्या तोंडाकडे बघून मला धीर आला होता, हे मी नाकारत नाही. तीन शिट्ट्या झाल्यावर मूठ दिसली आणि मी स्टोव्ह बंद केला. नाना खूष होते. कारखानीस वहीत काहीतरी टिपत होते.

मग पंजा आला. थांबा.

मी थांबले. एक मिनिट गेलं, दोन गेली. बायका कुजबुजू लागल्या. मोडकबाई मोठ्याने म्हणाल्या, “आमच्या चुलीवरची व्हायची एवढ्यात.” हशा झाला. कारखानिसांनी घड्याळ पाहिलं. मी फटीकडे पाहिलं. उघडा पंजा. मी बोलायचं भाषण संपलं होतं, पुन्हा तेच म्हणता येईना. कारखानिसांनी पुन्हा घड्याळ पाहिलं आणि वही मिटली. मी पुन्हा फटीकडे पाहिलं. पंजा तसाच.

तेव्हा माझ्या डोक्यात ते आलं. ही मुद्दाम करते आहे. हिला नोकरी हवी आहे, मी हिचं नाव सांगितलं नाही हे हिला कळलंय. बावळटासारखी उभी करून हिला मला सगळ्यांसमोर तोंडघशी पाडायचं आहे. माझी पक्की खात्री झाली. कारण तिच्या जागी मी असते तर मी हेच केलं असतं.

मी शिट्टी उचलली.

पुढचं फार पटकन झालं. पिवळी धार फुसकन सरळ छताला गेली. छतावरून ती मोडकबाईंच्या अंबाड्यावर, त्यांच्या शेजारणीच्या पैठणीवर, काचेच्या कपाटांवर आणि कारखानिसांच्या चष्म्यावर आली. बायका ओरडत दाराकडे धावल्या आणि दारात अडकल्या. मी दोन्ही हातांनी तोंड झाकून टेबलाखाली बसले होते. गावातली पहिली दुकानातली मुलगी, कुमारी कुंदा आपटे, टेबलाखाली.

पडदा सरला. लीला ओलं फडकं घेऊन बाहेर आली, कुकरवर ते टाकलं आणि शांतपणे म्हणाली, “बसा बाई सगळ्या. फुटलं काही नाही. घाईत शिट्टी उचलली की एवढंच होतं. वाफ आहे.”

तिच्या आवाजात काय होतं कोण जाणे, बायका थांबल्या. तिने टेबल पुसलं, कुकर धुऊन आणला आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. हे करता करता ती बोलत होती. शिट्टी का वाजते, ती वाजणं ही भीतीची नाही तर निर्धास्तीची खूण कशी, थांबायला का हवं. पुस्तिकेत नव्हतं असलंही ती सांगत होती, सहा महिन्यांत तिला स्वतःला कळलेलं. बायका पुढे सरकल्या. प्रश्न विचारू लागल्या. मोडकबाई अंबाड्यातली खिचडी काढत काढत विचारत होत्या की मटकीला किती शिट्ट्या. कारखानिसांनी वही पुन्हा उघडली होती. वाफ जिरेपर्यंत तिने सगळ्यांना थांबवलं आणि सगळ्या थांबल्या. मग झाकण उघडलं. वास सुटला.

मी तोवर टेबलाखालून निघून काउंटरला टेकून उभी होते. मला शरम वाटत नव्हती. मला फक्त तासगावचा तो माणूस दिसत होता.

लीलाने द्रोण भरले, बायकांनी ते हातात घेतले. मोडकबाई खूष होऊन म्हणाल्या, “हुशार आहेस ग. नाव काय तुझं?”

“आमची लीला,” नाना घाईने म्हणाले.

“लीला कोण?”

नानांना काही सुचायच्या आत तिने सांगितलं. तिने काही आवाज चढवला नाही, पण पुटपुटलीही नाही.

“लीला गंगाराम बनसोडे. मिरज.”

मग एकेकीला काय काय आठवू लागलं. एकीला शुक्रवारचा उपास आठवला. एकीची दाढ दुखायला लागली. एक म्हणाली, घरी जाऊन मुलांना भरवायचं आहे, आणि द्रोण काचेवर ठेवून दिला. एकेक करत बाकी सगळ्यांचे द्रोण खाली गेले. मोडकबाईंचा द्रोण अजून हातात होता. त्यांनी तो ना खाली ठेवला ना तोंडाला लावला. त्या हिशेबी बाई होत्या, त्यांना सहा महिन्यांचं आठवलं.

“आणि रोजची?” त्यांनी मला विचारलं. “रोजची कोण करत होतं?”

सगळ्या माझ्याकडे वळल्या. नाना काचेतल्या वाट्यांकडे बघत होते. कारखानीस चष्मा पुसत होते. लीला माझ्याकडे बघत होती. ती विनवत नव्हती, रागावलेलीही नव्हती. नुसतीच वाट बघत होती, मघाशी वाफ जिरायची बघत होती तशी.

“मी,” मी म्हटलं. “रोजची मीच करते. हिला आज मदतीला बोलावलं होतं.”

दुकानात सुटकेचा श्वास ऐकू आला. “मला वाटलंच,” कुणीतरी म्हणालं, “आपट्यांच्या मुलीचा हात वेगळा कळतो.” अर्ध्या तासापूर्वी आपट्यांच्या मुलीचा हात छताला लागला होता, तो अजून वरून ठिबकत होता. तरी त्यांना पटलं. त्यांना ते पटवून घ्यायचंच होतं. नाहीतर त्यांना घरी जाऊन सांगावं लागलं असतं की आपण सहा महिने काय खाल्लं, आणि ते गोड लागलं होतं. अशा बायकांची मला आजही किळस येते. माझी जास्त येते, कारण त्यांना ठाऊक नव्हतं आणि मला होतं.

बायका गेल्यावर कारखानीस आणि नाना काउंटरमागे बोलत बसले. मला ऐकू यावं इतक्या मोठ्याने बोलत होते. मी ऐकल्याने त्यांचं काही बिघडणार नव्हतं. नाना म्हणत होते, साहेब, आज जरा गडबड झाली. कारखानीस हसले.

“ती दुसरी मुलगी उत्तम आहे, त्यात वाद नाही. पण पिंगळे, कुकर पंधरा दिवसांत शिकवता येतो. आडनाव शिकवता येत नाही.”

शिकलेला माणूस होता, परदेशात जाऊन आलेला. बोलताना त्याला जराही अवघडल्यासारखं झालं नाही. नानांनी मला बोलावलं. सोमवारी पुण्याला हजर व्हायचं. प्रात्यक्षिकाचा कुकर कंपनीचाच, तो सोबत न्यायचा. मी हो म्हटलं. एका क्षणाचाही वेळ घेतला नाही.

लीलाला नानांनी सांगितलं की आता गावात बोभाटा झालाय, तू काही दिवस येऊ नकोस. काही दिवस म्हणजे काय ते तिला कळलं. ती आत गेली. थोड्या वेळाने पडद्यामागून हातोडीची ठक ठक ऐकू आली. मोडकबाईंच्या भाच्याच्या मुंजीची ताटं राहिली होती, तीच पुरी करून जात असेल असं मला वाटलं. जायच्या दिवशीही काम पुरं करते, काय बावळट मुलगी, असंही वाटलं.

ती पिशवी घेऊन बाहेर आली तेव्हा दुकानात आम्ही दोघीच होतो.

“मी पंजा धरला होता,” ती म्हणाली. “दिसला नाही का तुम्हांला?”

“दिसला.”

“मग?”

“मला वाटलं तू मुद्दाम थांबवतेस. मला खाली बघायला लावायला.”

ती विचार करू लागली. खरोखरच करू लागली, एखादा न समजलेला शब्द घोळवतात तसा.

“असं मी का करीन?” ती म्हणाली. आणि मग, “तुम्ही केलं असतं?”

मी काचेवरचे द्रोण गोळा करू लागले. तिने माझ्याकडे जरा वेळ पाहिलं आणि तिला उत्तर मिळालं. कुकर फडक्यात बांधून, गाठ मारून तिने माझ्यासाठी तयार ठेवला होता. तो माझ्याकडे सरकवून ती म्हणाली, “घासून ठेवलाय.” मग ती बस पकडायला गेली. पुढे ती मला कधी भेटली नाही. मी शोधलंही नाही.

तासगावच्या माणसाला आईने नकार कळवला, कारण पुण्याच्या कंपनीतली मुलगी आता त्याला द्यायची म्हणजे घाटा होता. आईला एकाएकी माझा अभिमान वाटू लागला. पुण्यात मला खरोखरच पंधरा दिवसांत कुकर शिकवला.

माझं पहिलं गाव इस्लामपूर. शाळेच्या व्हरांड्यात चाळीस बायका. सगळं स्वतः केलं, वाफ जिरेपर्यंत थांबले, द्रोण वाटले. एका म्हातारीने विचारलं, खिचडी कुणी केली. मी म्हटलं, मी. ते उत्तर पहिल्यांदाच खरं होतं. संध्याकाळी आडावर कुकर घासायला बसले आणि तो पालथा घातला. बुडाला ठिपक्यांची अक्षरं होती, मोत्यासारखी, ओळीत.

लीला गंगाराम बनसोडे.

मी हातातली राख तशीच धरून बसले. नाव घातलेलं भांडं ज्याचं त्याचं असतं आणि ते परत घेतलं जात नाही, हे मी स्वतः शेकडो गिऱ्हाइकांना सांगितलं होतं. कल्हईवाल्याकडे देऊन ते घासून काढता आलं असतं. तेवढीही हिंमत झाली नाही, कारण त्याने ते आधी वाचलं असतं. मग मी एकच केलं. कुकरचं बूड घासायचं सोडलं. स्टोव्हची काजळी त्यावर चढत गेली आणि दोन महिन्यांत नाव दिसेनासं झालं. एकोणीस वर्षं मी तो कुकर गावोगाव नेला. माझं आडनाव फळ्यावर आणि तिचं नाव भांड्यावर. हजारो बायकांनी त्यातलं खाल्लं. कधी एखादी म्हणायची, बाई, कुकर आतून लख्ख आहे, बूड एवढं काळं का हो? मी म्हणायचे, वापरातला आहे.

फिरती संपली तेव्हा कंपनीने तो कुकर मला भेट दिला, सत्कार करून. लग्न मी केलं नाही. गेल्या महिन्यात भाची मला तिच्या फ्लॅटवर न्यायला आली, सामान आवरायला बसली. तिला स्वच्छतेचं वेड. दुपारी मी जरा पडले होते तेवढ्यात तिने कसलीशी नवी पावडर लावून कुकर घासून काढला आणि पालथा घालून माझ्यासमोर आणला. बूड चांदीसारखं झालं होतं. एकही ठिपका बुजला नव्हता.

“मावशी, ही लीला गंगाराम बनसोडे कोण?”

मी कुकर हातात घेतला. अंगठा अक्षरांवरून फिरवला. आता नाना नव्हते, कारखानीस नव्हते, मोडकबाई जाऊन तीस वर्षं झाली होती. नोकरी जाणार नव्हती आणि तासगावचा माणूस येणार नव्हता. घरात आम्ही दोघीच होतो आणि माझी भाची अशा गोष्टींवर नाक मुरडणारी नाही. खरं सांगायला मला कुणाचीही आडकाठी नव्हती.

“कुणास ठाऊक,” मी म्हटलं. “लग्नकार्यात भांडी बदलतात. कुणाचं कुणाकडे जातं.”

तिला ते पटलं. तिने कुकर कागदात गुंडाळला आणि माझ्या सामानात ठेवला.